परीची अट आणि पेढीची अट



शेतीची कामे उरकली, की सायंकाळी घरोघरी भेटी देण्याचा आमचा परिपाठ आहे. हल्ली बहुतेक घरी ओट्यावर बसलेल्या मुलांच्या हाती मोबाईल दिसतो, व त्यात पुष्कळदा एखादे जपानी कार्टून चाललेले असते. डोरेमॉन नावाचे निळे यांत्रिक मांजर तर हिंदी बोलू लागल्यापासून आमच्या मुलांच्या घरचेच झाले आहे. त्याबद्दल आमची तक्रार नाही. ते मांजर सज्जन आहे. परंतु थोड्या मोठ्या मुली आता निराळ्याच जपानी गोष्टी पाहू लागल्या आहेत. त्यांत एखादी साधी शाळकरी मुलगी असते, तिला परी किंवा परीसारखे कोणी भेटते, आणि पाहता पाहता ती हजारो लोकांपुढे गाणारी प्रसिद्ध गायिका बनते. 'फादर, ह्या गोष्टी मुलींनी पाहिलेल्या चालतील का?' असे काही मातांनी आम्हांस विचारले. उत्तर देण्यापूर्वी ह्या गोष्टींचे मूळ शोधणे आम्हांस इष्ट वाटले, आणि शोधू लागलो तो विषय वाटला होता त्याहून खोल निघाला.

जपानात तरुण गायक-गायिकांच्या एका विशिष्ट वर्गाला 'आयदोरू' म्हणतात. इंग्रजीतील 'आयडॉल' ह्या शब्दाचाच तो जपानी उच्चार. १९६३ साली फ्रान्समध्ये निघालेला एक चित्रपट पुढील वर्षी जपानात झळकला. त्याच्या नावात हा शब्द होता, आणि त्यात गाणाऱ्या सिल्व्ही वार्तां ह्या तरुणीवर तेथील लोक इतके लुब्ध झाले, की शब्द तेथेच रुजला. मूळ अर्थ मूर्ती, आराध्य वस्तू. आमच्यासारख्या धर्मोपदेशकाच्या कानी हा शब्द पडताच दहा आज्ञांपैकी पहिली आठवावी, यात नवल नाही. परंतु आज त्यावर प्रवचन करण्याचा आमचा हेतू नाही. ज्या मुलींना ह्या चौथऱ्यावर उभे केले जाते त्यांचे काय होते, एवढेच आम्हांस पाहावयाचे आहे.

त्या मुली घडतात कशा, हे आधी थोडक्यात सांगतो. १९७१ पासून १९८३ पर्यंत जपानी दूरचित्रवाणीवर 'स्टार तान्जो' नावाची एक गायनस्पर्धा चाले. शाळकरी वयाची मुले-मुली गात, आणि समोर बसलेल्या गायनपेढ्यांच्या माणसांपैकी ज्यांना एखादी मुलगी हवीशी वाटे ते हातातली पाटी वर करीत. आमच्या गुरांच्या बाजारातही बोली अशी उघड करीत नाहीत. तेथे निदान रुमालाखाली बोटे धरतात. असो. ह्या मुलींचा आवाज अगदी तयार असावा अशी अपेक्षा नसते. किंबहुना तो कच्चा असावा, मुलगी धडपडत वर यावी, आणि तिला वर येताना पाहण्याचे सुख चाहत्यांस मिळावे, ह्यावरच सारा व्यवहार उभा आहे. १९९७ साली एका स्पर्धेत हरलेल्या पाच मुलींना सांगण्यात आले, की पाच दिवसांत तुमच्या गाण्याच्या ५०,००० तबकड्या तुम्ही स्वतः विकून दाखवा, मग तुम्हांस संधी देऊ. त्यांनी त्या चार दिवसांत विकल्या. 'मॉर्निंग मुसुमे' हा प्रसिद्ध संघ असा जन्मास आला.

ह्या गायिकांना चित्रांच्या गोष्टीत आणण्याचा उद्योगही जुनाच. 'पिंक लेडी' ह्या दोघी गायिकांच्या जीवनावर १९७८-७९ मध्ये तोएइ कंपनीने ३५ भागांची चित्रमालिका काढली. तीत परी नव्हती. परी आली ती १९८३ मध्ये, आणि आमच्या मते ह्या जातीच्या गोष्टींत सर्वांत चांगली तीच आहे. तिचे नाव 'क्रीमी मामी'. स्टुडिओ पिएरो ह्या संस्थेने काढलेली ही मालिका १ जुलै १९८३ पासून २९ जून १९८४ पर्यंत, म्हणजे जवळजवळ नेमके एक वर्ष, ५२ भागांत दाखविली गेली.

कथा अशी. यू मोरिसावा ही दहा वर्षांची मुलगी. आईबापांचे एक छोटे दुकान आहे. घावनासारखी पातळ गोड धिरडी, ज्यांना तेथे क्रेप म्हणतात, ती करून ते विकतात. एके दिवशी आकाशातून जाणारी एक नौका यूच्या दृष्टीस पडते, व तीत बसलेला पिनोपिनो नावाचा परलोकीचा जीव तिला जादूची कांडी देतो. कांडी फिरवली, की यू सोळा वर्षांची तरुणी होते. दोन मांजरे तिच्या सोबतीला राहतात. अटी दोनच. जादू एका वर्षापुरती आहे; आणि रूप पालटताना कोणी पाहिले, तर ती त्याच क्षणी जाईल. पुढे त्या तरुणीला एका गायनपेढीचा तरुण मालक रस्त्यात गाठतो, आणि दहा वर्षांची यू 'क्रीमी मामी' ह्या नावाने देशभर गाजू लागते. नावातले 'क्रीमी' हे आईबापांच्या दुकानाचे नाव, हे आम्हांस फार आवडले.

यूचा बालमित्र तोशिओ. तो यूकडे ढुंकून पाहत नाही, आणि मामीच्या मागे वेडा होतो! यू प्रत्यक्ष त्याच्या शेजारी बसलेली असते, तेव्हा तो तिला मामीचे गुणगान ऐकवतो. मुले ह्या प्रसंगांना हसतात. आम्हांला मात्र त्यांत फार मोठे दुःख दिसले, आणि ज्याने ही कथा रचली त्यालाही ते दिसलेच असले पाहिजे. मध्यंतरी तोशिओला रहस्य कळते व अटीप्रमाणे यूची जादू नाहीशी होते. ती परत मिळावी म्हणून तोशिओला आपली तेवढी आठवण गमवावी लागते. शेवटी वर्ष भरते. मामी हजारो लोकांसमोर अखेरची गाते, कांडीची शक्ती संपते, आणि यू पुन्हा दहा-अकरा वर्षांची मुलगी होऊन आपल्या आईबापांच्या घरी राहते. घर तिच्यासाठी तेथेच असते. आई दुकानात असते, बाप दुकानात असतो, आणि आपली मुलगी वर्षभर कोण होती हे त्या भल्या माणसांच्या गावीही नसते.

आता ह्या गोष्टीच्या मागची गोष्ट. यू आणि मामी ह्या दोघींना आवाज दिला तो ओता ताकाको ह्या किशोरवयीन नवोदित गायिकेने. मालिकेच्या आरंभी वाजणारे गाणे हेच तिचे पहिले ध्वनिमुद्रित गाणे. चित्रातल्या मामीची गाणी दुकानात ओताच्या नावाने विकली जात, आणि मामीची कांडी खेळण्याच्या रूपाने बांदाई ही कंपनी विकी. म्हणजे पेढ्यांच्या जगाविषयी मुलांना शहाणे करणारी ही कथा स्वतः एका पेढीचे दुकानच होती. तरीही ती खोटी नाही. धान्य दुकानातून आले म्हणून भाकरी वाईट होत नाही.

'कोणी पाहू नये' ही अट जपानी लोककथांत फार जुनी आहे. तेथील प्रत्येक मुलाला माहीत असलेली एक कथा सांगतो. एका गरीब म्हाताऱ्याने बर्फात फाशात अडकलेल्या क्रौंच पक्ष्याला सोडविले. त्याच रात्री एक मुलगी त्याच्या दारी आली. म्हाताऱ्याला व म्हातारीला मूल नव्हते. त्यांनी तिला लेक मानले. ती म्हणाली, 'मी आतल्या खोलीत कापड विणते, पण विणताना मला पाहू नका.' कापड असे निघाले, की बाजारात त्याला भारी मोल आले. तिने पुन्हा विणले, पुन्हा विकले गेले. मुलगी मात्र दिवसेंदिवस रोडावत चालली. अखेर न राहवून दोघांनी दार किलकिले करून पाहिले, तो आत मुलगी नव्हती. एक क्रौंच आपल्याच अंगची पिसे उपटून मागावर घालीत होता. अट मोडली, तशी ती उडून गेली. आपल्याकडे महाभारतात गंगेने शंतनूस घातलेली अट याच जातीची. परंतु जपानी कथेतले ते उपटलेले पिसे आम्हांस अधिक बोचते. कापड बाजारात जात होते, घरात पैसा येत होता, आणि पोर का वाळते आहे हे विचारणे त्या मायाळू म्हाताऱ्यांस सुचले नाही.

ह्या प्रकाशात दुसरी एक गोष्ट पाहा. २००० साली मॉर्निंग मुसुमे संघातील यागुची मारी हिच्या कल्पनेतून 'मिनीमोनी' हा छोटा संघ निघाला. यागुचीची उंची १४५ सेंटिमीटर. संघात येण्याची अट ही, की मुलगी १५० सेंटिमीटरांहून बुटकी हवी. यागुचीबरोबर त्सुजी नोझोमी व कागो आई ह्या बारा-तेरा वर्षांच्या दोघी आणि मिका नावाची चौथी. जानेवारी २००१ मध्ये त्यांचे पहिले गाणे निघाले व विक्रीत थेट पहिल्या क्रमांकावर गेले. लहान मुलांना तर त्यांनी वेडच लावले. १४ डिसेंबर २००२ रोजी त्यांचा परीकथेचा चित्रपट आला. त्याच्या नावात एक कोटी आहे: 'ओकाशी' म्हणजे खाऊ, आणि 'ओकाशी-ना' म्हणजे गमतीचे, विचित्र, तेव्हा 'ओकाशी-ना दाइबोकेन' याचा अर्थ विचित्र महासाहस असाही होतो व त्याला खाऊचा वासही येतो. एका उपाहारगृहात काम करणाऱ्या ह्या मुली परीराणीच्या जादूने इवल्याशा होतात, आणि तेथपासून पडद्यावरच्या खऱ्या मुली जाऊन त्यांच्या जागी संगणकावर काढलेल्या बाहुल्या वावरू लागतात. परीराणीचे काम नाकाझावा यूको हिने केले, जी त्याच संघाची पूर्वीची नायिका होती. दिग्दर्शक हिगुची शिन्जी हा त्यापूर्वी राक्षसी कासवाच्या 'गामेरा' चित्रपटांतील करामतींसाठी नावाजलेला. पुढे २०१६ मध्ये 'शिन गॉडझिला' ह्या चित्रपटाच्या दोन दिग्दर्शकांपैकी तो एक होता.

चित्रपट निरागस आहे. मुले खुशाल पाहोत. पण आधीच उंचीची मर्यादा घालून निवडलेल्या मुलींना परीराणीने आणखी लहान करावे, हे पाहताना आमच्या मनात एक विचार आला. यूला जादूने मोठे केले आणि ठरल्या दिवशी परत आपल्या वयाचे केले. ह्या चौघींना कोणी मोठे होऊ देत होते का?

याचे उत्तर चित्रपटात नाही, पुढील काही वर्षांच्या वृत्तपत्रांत आहे. जपानी गायनपेढ्यांच्या जगात एक बंधन असते, कधी करारात लिहिलेले, कधी न लिहिता सर्वांस ठाऊक: मुलीने प्रेमात पडू नये, निदान पडलेली कोणास दिसू नये. चाहत्याला ती सर्वांची वाटली पाहिजे. एप्रिल २००५ मध्ये यागुचीचे एका तरुणाबरोबरचे छायाचित्र साप्ताहिकात येणार असे कळताच तिने मॉर्निंग मुसुमे संघ सोडला. ती तेव्हा २२ वर्षांची होती, आणि संघाची नायिका होऊन तिला जेमतेम तीन महिने झाले होते. २२ वर्षांच्या अविवाहित मुलीने कोणावर प्रेम करावे यात पाप ते कोणते? आमच्या पॅरिशमध्ये तर तिच्या लग्नाच्या चिठ्ठ्या वाचण्याची आम्ही वाट पाहिली असती. कागो आई हिचे २००६ मध्ये, १८ वर्षांची असताना, सिगारेट ओढतानाचे छायाचित्र छापून आले. तेथील कायद्याने त्यासाठी २० वर्षे पुरी व्हावी लागतात. तिला घरी बसविण्यात आले, व पुढील वर्षी तिचा करारच संपविण्यात आला. बाराव्या वर्षापासून जिने मुलांना हसविले तिची ही परतपाठवणी.

याहून कठोर प्रसंग २०१३ चा. 'एकेबी ४८' ह्या संघातील मिनेगिशी मिनामी ह्या २० वर्षांच्या मुलीने एका तरुणाच्या घरी रात्र काढल्याचे एका साप्ताहिकाने छापले. तेव्हा तिने आपल्या डोक्यावरचे केस काढून टाकले आणि रडत रडत क्षमा मागतानाचे चित्रण संघाच्या अधिकृत जागेवर लोकांनी पाहिले. संघाने तिला शिकाऊ वर्गात उतरविले. जगभर याची निंदा झाली. आपल्या मराठी समाजाला मुंडण केलेल्या तरुण स्त्रीचे डोके पाहिल्यावर काय आठवते हे सांगावयास नको. आपल्या आजीपणजीच्या काळातील सोवळ्या बायका आठवतात. तेथेही दोष तिचा नव्हता आणि लाज मात्र तिच्या माथी होती. मिनेगिशी त्या संघात राहिली व २०२१ मध्ये सन्मानाने बाहेर पडली, ही तिच्या धैर्याची गोष्ट आहे.

हे बंधन न्यायालयातही गेले. सप्टेंबर २०१५ मध्ये टोकियोच्या जिल्हा न्यायालयाने ते मोडणाऱ्या एका १७ वर्षांच्या मुलीला पेढीस सुमारे साडेसहा लाख येन भरपाई देण्यास सांगितले. चारच महिन्यांनी, जानेवारी २०१६ मध्ये, त्याच न्यायालयातील दुसऱ्या निकालात पेढीची मागणी फेटाळली गेली. कोणावर प्रेम करणे हा माणसाच्या सुख शोधण्याच्या हक्काचा भाग आहे, असे तेथे सांगण्यात आले. हे साधे सत्य न्यायाधीशाच्या तोंडून वदवून घ्यावे लागले!

घड्याळाचेही असेच. सिंडरेलाला रात्री बाराचे ठोके पडताच घर गाठावे लागे. जपानच्या मजूर-कायद्याने १८ वर्षांखालील मुलांना रात्री दहा ते पहाटे पाच कामावर ठेवण्यास मनाई केली आहे. हा तेथील दहाचा ठोका. पण १९८८ साली मजूर मंत्रालयाने एक पत्रक काढले, की ज्या कलावंताच्या जागी दुसरे कोणी चालत नाही, ज्याचे वेतन तासांवर ठरत नाही, अशा काही गोष्टी जुळल्या तर त्याला मजूर समजू नये. म्हणजे जो फार गाजला, त्याच्यापुरते घड्याळ बंद. आपल्याकडेही दूरचित्रवाणीच्या स्पर्धांत मुलांना पाठविण्याची हौस खेड्यापर्यंत आली आहे, म्हणून सांगून ठेवतो: आपल्या देशातील २०१७ च्या नियमांप्रमाणे १४ वर्षांखालील बालकलावंताकडून दिवसाला पाच तासांहून अधिक काम घेता येत नाही, आणि त्याच्या मिळकतीचा निदान पाचवा हिस्सा त्याच्याच नावाने बँकेत मुदतठेव म्हणून ठेवावा लागतो. ज्यांची मुले जातात त्यांनी ते पुस्तक मागून पाहावे. संकोच करू नये.

सर्वांचीच कथा दुःखाची झाली असे आम्ही म्हणत नाही. त्सुजी नोझोमी हिने २००७ मध्ये लग्न केले व ती मुलाबाळांत रमली. आणि त्या सर्वांच्या आधी, १९८० मध्ये, यामागुची मोमोए ही त्या काळची सर्वांत मोठी गायिका अवघ्या २१ व्या वर्षी बाजूला झाली. ५ ऑक्टोबर रोजी टोकियोच्या बुदोकान सभागृहात तिने अखेरचे गाणे म्हटले, हातातला पांढरा मायक्रोफोन रंगमंचाच्या मध्यभागी खाली ठेवला, आणि ती आत निघून गेली. पुढच्याच महिन्यात टोकियोतील रेइनान्झाका ह्या प्रोटेस्टंट ख्रिस्तमंदिरात तिचा विवाह झाला. ती पुन्हा कधी गाण्यास परतली नाही. तिला कोणी कांडी दिली नव्हती व कोणी दिवस ठरवून दिला नव्हता. दिवस तिने स्वतः ठरविला. त्यासाठी जे बळ लागते ते २१ व्या वर्षी तिच्याजवळ होते. बाराव्या वर्षी ते कोणाजवळ असणार? त्या वयात ते आईबापांजवळ असावे लागते.

म्हणून ज्या मातांनी विचारले त्यांस आमचे उत्तर असे, की मामी अवश्य पाहू द्या, मिनीमोनीही पाहू द्या. फक्त एखाद्या संध्याकाळी भाकऱ्या झाल्यावर मुलींजवळ बसा आणि त्यांना त्या क्रौंचाची कथा सांगा. मग यूच्या आईला काही कळले असते तर तिने काय करावयास हवे होते, हे त्यांनाच विचारा. मुली अशा प्रश्नांची उत्तरे फार सरळ देतात, असा आमचा अनुभव आहे.

एक गोष्ट सांगावयाची राहिली. २९ जून १९८४ रोजी मामीचे वर्ष भरले आणि यू घरी परतली असे आम्ही वर लिहिले. परीने आपला शब्द पाळला. परंतु प्रेक्षकांना मामी हवी होती व पेढ्यांना प्रेक्षक हवे होते. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात मामीची नवी चित्रफीत बाजारात आली. पुढील वर्षी, १९८५ मध्ये, आणखी एक आली. तिचे नाव 'लाँग गुडबाय', म्हणजे लांबलेला निरोप.